पाण्याची साक्ष

पाणी चांगले की वाईट हे ठरवावयाचे झाले म्हणजे आपण पेला उजेडाकडे धरतो, वास घेतो आणि एक घोट घेऊन पाहतो. गढूळ नाही, वास येत नाही, चव गोड आहे, म्हणजे पाणी चांगले. शेकडो वर्षे माणसाने पाण्याची परीक्षा अशीच केली. दुसरे साधनच त्याच्याजवळ नव्हते. या परीक्षेने किती घरे उजाड झाली असतील याचा हिशेब मात्र कोणत्याही बखरीत सापडत नाही.

लंडनच्या सोहो भागात ब्रॉड स्ट्रीट नावाच्या रस्त्यावर एक हातपंप होता. त्याचे पाणी थंड व चवदार, म्हणून त्याची ख्याती. त्या रस्त्यावर ज्यांचा कारखाना होता अशा एका गृहस्थाची विधवा पत्नी पुढे दूर हॅम्पस्टेडला राहावयास गेली, पण त्या पाण्याची गोडी तिला सुटली नाही. तिची मुले रोज त्या पंपाचे पाणी बाटलीत भरून आईकडे पाठवीत. इ. स. १८५४ च्या ऑगस्टअखेर सोहोत कॉलरा पसरला आणि २ सप्टेंबरला ही बाई हॅम्पस्टेडमध्ये कॉलऱ्याने मरण पावली. तिच्या घरी आलेली पुतणीही तेच पाणी प्याली होती. तीही वाचली नाही. हॅम्पस्टेडमध्ये साथ नव्हतीच. डॉ. जॉन स्नो याने हा दुवा हुडकून काढला आणि त्याच्या सांगण्यावरून ८ सप्टेंबरला पंपाचा दांडा काढून टाकण्यात आला. तोपर्यंत साथ ओसरू लागली होती हे खरे, पण त्या परिसरात सहाशेहून अधिक माणसे गेली होती. आईवरच्या प्रेमाने मुले जी बाटली पाठवीत होती तिच्यात काय होते, हे डोळ्यांना, नाकाला वा जिभेला कळण्यासारखे नव्हते.

त्याच वर्षी स्नोने आणखी एक मोठा हिशेब मांडला. दक्षिण लंडनमध्ये दोन कंपन्या एकाच रस्त्यावरच्या शेजारशेजारच्या घरांना पाणी पुरवीत. एक कंपनी शहराची घाण मिसळलेल्या टेम्सचे पाणी घेई. दुसरीने १८५२ साली आपले पाणी उपसण्याचे ठिकाण शहराच्या वर, स्वच्छ प्रवाहात नेले होते. पहिलीच्या दर दहा हजार घरांमागे ३१५ मृत्यू, तर दुसरीच्या फक्त ३७. दोष पाण्यातच आहे हे यावरून दिसत होते. पण पाण्यात नेमके काय आहे, हे स्नोला दाखविता येईना. रसायनशास्त्रज्ञ पाण्यातील क्षार आणि अमोनिया मोजत होते. त्यावरून घाण मिसळल्याचा अंदाज येई, पण ती माणसाची की कुजलेल्या पाल्याची हे सांगता येत नसे. मेलेल्या माणसांची संख्या हाच काय तो पुरावा, आणि तो नेहमी उशिरा येणार!

पाण्यात सूक्ष्म जीव असतात ही गोष्ट काही तेव्हा नवी नव्हती. हॉलंडमधील डेल्फ्ट गावचा कापडाचा व्यापारी लेव्हेनहूक याने स्वतः घासलेल्या भिंगांतून १६७४ साली तळ्याच्या पाण्यात वळवळणारे जीव पाहिले होते आणि पुढे १६७६ च्या पत्रात त्याहूनही बारीक जीवांचे वर्णन करून ते लंडनच्या रॉयल सोसायटीला कळविले होते. परंतु पुढची दीडशे वर्षे हा केवळ नवलाचा विषय राहिला. या जीवांवरून पाण्याची प्रत ओळखता येईल, ही कल्पना निघाली एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर. लंडनमध्ये हॅसल याने १८५० साली शहराला पुरविल्या जाणाऱ्या पाण्याची सूक्ष्मदर्शकाखाली तपासणी करून तिचा अहवाल छापला. ब्रेसलाऊ येथील वनस्पतिशास्त्रज्ञ फर्डिनंड कोह्न याने तेथील कॉलऱ्याच्या साथीनंतर विहिरींचे पाणी तपासून १८५३ साली पिण्याच्या पाण्यातील सजीवांवर निबंध लिहिला. १८७० मध्ये त्याने विहिरीत वाढणाऱ्या एका धाग्यासारख्या जंतूचेही वर्णन केले. कोणत्या पाण्यात कोण राहतो यावरून पाण्याची परीक्षा करणे, हे सूत्र येथून सुरू होते.

अडचण होती ती मोजण्याची. सूक्ष्मदर्शकाखाली एक थेंब पाहून संपूर्ण विहिरीबद्दल काय सांगणार? ही अडचण जर्मन डॉक्टर रॉबर्ट कोख याने सोडविली. पाण्याचा ठराविक भाग थिजणाऱ्या पोषक द्रवात मिसळून काचेवर ओतावयाचा. प्रत्येक जंतू जेथे अडकला तेथेच वाढतो आणि एक-दोन दिवसांत त्याच्या वंशाचा डोळ्यांना दिसेल एवढा ठिपका तयार होतो. ठिपके मोजले की झाले. आरंभी यासाठी जिलेटिन वापरीत, पण ते उष्म्याने वितळे आणि काही जंतू ते विरघळवूनही टाकीत. यावर तोड सुचली ती फॅनी हेसे या गृहिणीला. तिचे पती कोखच्या प्रयोगशाळेत काम करीत. जावामध्ये राहून आलेल्या परिचितांकडून तिला समुद्रशेवाळापासून काढलेल्या अगार-अगारची माहिती होती. घरी मुरंबे थिजविण्यासाठी ती तेच वापरी. रमजानच्या महिन्यात आपल्या घरी दुधात घालून थंडगार करतात ते चायना ग्रास म्हणजे हेच! आज जगातील प्रत्येक जंतुशाळेत ते वापरले जाते. त्याचे श्रेय स्वयंपाकघराला आहे, हे आपल्या मुलींना मुद्दाम सांगण्यासारखे आहे.

१८८३ च्या डिसेंबरात कोख कॉलऱ्याचा माग काढीत इजिप्तहून कलकत्त्यास पोहोचला. तेथे त्याने स्वल्पविरामाच्या आकाराचा जंतू रुग्णांच्या आतड्यांत तर ओळखलाच, शिवाय १८८४ च्या आरंभी साथ चालू असलेल्या वस्तीतील एका तळ्याच्या पाण्यातही तो दाखविला. त्याच तळ्यावर मृताचे कपडे धुतले जात होते आणि तेच पाणी लोक पीत होते. (इटलीतील फ्लॉरेन्सच्या पाचिनीने हा जंतू १८५४ सालीच पाहिला होता. त्याच्याकडे कोणी लक्ष दिले नाही, हा शास्त्राच्या इतिहासातील नेहमीचाच प्रकार.) आता वाटावे, प्रश्न सुटला, पाण्यात कॉलऱ्याचा जंतू सापडला की पाणी वाईट. पण व्यवहारात तसे होईना. रोगाचा जंतू पाण्यात थोडा असतो, आज असतो, उद्या नसतो, आणि तो नमुन्यात सापडेपर्यंत माणसे आजारी पडून गेलेली असतात. शिवाय तपासावयाचे तरी किती रोगांचे जंतू?

मी शाळेत इतिहास शिकवितो. १८८५ हे साल विचारले की मुले हात वर करून सांगतात : मुंबईत गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत काँग्रेसचे पहिले अधिवेशन भरले. उत्तर बरोबरच आहे. त्याच वर्षी म्युनिकमध्ये थिओडोर एशेरिच नावाचा बालरोगतज्ज्ञ तान्ह्या मुलांच्या लंगोट्यांतील विष्ठा तपासत बसला होता आणि त्याने आतड्यात नित्य वस्ती करणाऱ्या एका जंतूचे वर्णन प्रसिद्ध केले. पाण्याशी त्याला काही कर्तव्य नव्हते. बालकांच्या पचनाचा तो अभ्यास करीत होता. आज त्याच्याच नावावरून या जंतूला एशेरिचिया कोलाय, थोडक्यात ई. कोलाय, म्हणतात. पुढे १८९२ मध्ये व्हिएन्नाच्या शार्डिंगर याने सुचविले की हा जंतू माणसाच्या विष्ठेत ठरलेलाच असतो, तेव्हा पाण्यात तो आढळणे हीच विष्ठा मिसळल्याची खूण मानावी. जवळजवळ त्याच सुमारास अमेरिकेत थिओबाल्ड स्मिथ न्यूयॉर्क राज्यातील मोहॉक व हडसन या नद्यांचे पाणी तपासत होता. एका टोकाशी बंद असलेल्या वाकड्या काचनळीत साखर घातलेला मांसाचा अर्क भरून त्यात नदीचे पाणी सोडावयाचे आणि अंगाच्या उष्णतेइतक्या उबेत ठेवावयाचे. आतड्यातील हा जंतू असेल तर साखर आंबून वायू तयार होतो आणि बंद टोकाशी जमतो. वायूचा तो बुडबुडा म्हणजे साक्षीदाराने वर केलेला हात!

यातील युक्तिवाद विद्यार्थ्यांनी नीट समजून घ्यावा. चोर दर वेळी हाती लागत नाही, पण कुंपण तुटलेले असेल तर ते दिवसाढवळ्या दिसते. ई. कोलायच्या बहुतेक जाती स्वतः निरुपद्रवी असतात. आपल्या प्रत्येकाच्या पोटात त्या कोट्यवधींनी आहेत. तरीही विहिरीत तो सापडला तर एकच अर्थ निघतो, की कोणाच्या तरी पोटातून विहिरीपर्यंत वाट मोकळी आहे. आज निरोग्याची घाण आली, उद्या कावीळ झालेल्याची येईल. पुढे याच युक्तिवादात सुधारणा होत गेल्या. ई. कोलायचे काही भाऊबंद मातीत व झाडपाल्यातही राहतात. त्यांना वेगळे काढण्यासाठी एइकमन याने १९०४ साली ४६ अंशांच्या उबेची कसोटी सुचविली. भाताच्या कोंड्यावरून बेरीबेरी रोगाचे गूढ उकलणारा आणि १९२९ साली नोबेल पारितोषिक मिळविणारा एइकमन तो हाच. इंग्लंडमध्ये मॅक्काँकी याने पित्ताचे क्षार घातलेले पोषक द्रव्य तयार केले. पित्त सहन करू शकणारा जंतू तोच, जो आतड्यात राहिलेला असतो. कल्पना किती साधी आणि किती बिनतोड!

या साऱ्या ज्ञानाची खरी कसोटी लागली ती जर्मनीतील हॅम्बुर्ग शहरात, १८९२ च्या उन्हाळ्यात. हॅम्बुर्ग हे श्रीमंत बंदर. त्याला लागूनच आल्टोना हे दुसरे शहर. दोहोंची हद्द काही ठिकाणी एका रस्त्याची. दोन्ही शहरे एल्ब नदीचेच पाणी पीत. हॅम्बुर्ग आपले पाणी शहराच्या वरच्या अंगाने घेई, तर आल्टोना खालच्या अंगाने, म्हणजे हॅम्बुर्गची सारी घाण नदीत पडल्यानंतर. कोणीही सांगेल की रोगराई आल्टोनात जास्त व्हावी. घडले उलटेच. हॅम्बुर्गमध्ये अवघ्या काही आठवड्यांत सुमारे ८,६०० माणसे कॉलऱ्याने मेली आणि आल्टोना त्या मानाने जवळजवळ सुरक्षित राहिले. रस्त्याच्या एका बाजूला तिरड्या, दुसऱ्या बाजूला नित्याचे व्यवहार. हॅम्बुर्गच्याच हद्दीतील एका चाळवजा इमारतीला सोयीसाठी आल्टोनाचे पाणी दिलेले होते. ती इमारतही वाचली.

फरक होता वाळूचा. आल्टोना १८५९ पासून आपले पाणी वाळूच्या मोठ्या हौदांतून हळूहळू गाळून घेत असे. हॅम्बुर्गमध्ये गाळणीचा प्रश्न वर्षानुवर्षे चर्चेत रेंगाळला. खर्च कोणी सोसावयाचा यावर घरमालक वाद घालीत राहिले, आणि काम सुरू झाले तेव्हा उशीर झालेला होता. नळाला येई ते नदीचे पाणी जसेच्या तसे. भरतीच्या वेळी शहराची घाण उलट वर चढून पाणी उपसण्याच्या जागेपर्यंत पोहोचत असे. आपल्याकडील नगरपालिकांच्या सभांची वृत्ते वाचणाऱ्यांना यात काही अनोळखी वाटू नये.

वाळूच्या गाळणीत जंतू अडकतात ते केवळ फटी बारीक म्हणून नव्हे. काही दिवसांत वाळूच्या वरच्या थरावर बुळबुळीत साय धरते. ती साय सूक्ष्म जीवांचीच असते आणि तीच पाण्यातील बाकीच्या जंतूंना धरते व खाते. साय खरवडून काढली की ती पुन्हा धरेपर्यंत गाळणीचा भरवसा नसतो. १८९३ च्या जानेवारीत हेच घडले. कडाक्याच्या थंडीत साफसफाई चालू असता आल्टोनाचा एक हौद गोठला, गाळणी बिघडली आणि शहरात कॉलऱ्याच्या तुरळक केसेस दिसू लागल्या. कोखने त्यांचा माग त्या हौदापर्यंत नेला. यातून त्याने एक दंडक घालून दिला : प्रत्येक गाळणीचे पाणी रोज तपासावे, आणि एका घनसेंटिमीटर पाण्यात, म्हणजे सुमारे वीस थेंबांत, शंभराहून अधिक जंतू वाढले तर ते पाणी शहरात सोडू नये. माणसे मरण्यापूर्वी पाण्याने स्वतःबद्दल सांगावे, ही सोय येथे प्रथम नियम म्हणून अमलात आली. हॅम्बुर्गची गाळणीही १८९३ च्या मे महिन्यात सुरू झाली.

हे सर्व पाहूनही न पटणारे होतेच. म्युनिकचे पेटेनकोफर हे आरोग्यशास्त्रातील मोठे नाव. जंतू एकटा रोग करीत नाही, जमिनीची अवस्था कारणीभूत असते, असे त्यांचे मत. ७ ऑक्टोबर १८९२ रोजी त्र्याहत्तर वर्षांच्या या वृद्धाने कॉलऱ्याचे जंतू भरलेले पाणी सर्वांदेखत पिऊन दाखविले. थोडे जुलाब झाले आणि ते वाचले. मुले हा किस्सा ऐकून टाळ्या पिटतात. मला मात्र वाटते की एका माणसाचे वाचणे हा पुरावा धरला तर हॅम्बुर्गच्या ८,६०० जणांचे काय करावयाचे? "आमचे आजोबा हेच पाणी पिऊन नव्वद वर्षे जगले" असे म्हणणारे पेटेनकोफर आपल्या प्रत्येक मोहल्ल्यात आहेत.

आपल्या देशात या अभ्यासाला निराळे वळण लागले. आग्र्याच्या सरकारी प्रयोगशाळेत काम करणाऱ्या हँकिन याने १८९६ साली गंगा-यमुनेच्या पाण्याबद्दल एक फ्रेंच निबंध प्रसिद्ध केला. न उकळलेल्या नदीच्या पाण्यात कॉलऱ्याचे जंतू तीन तासांच्या आत मरतात, पण तेच पाणी उकळून थंड केल्यावर त्यात ते जगतात, असे त्याला आढळले. पुढे १९१७ मध्ये द'एरेल याने जंतूंना खाणारे विषाणू ओळखले आणि हँकिनच्या निरीक्षणाचे कारण तेच असावे असे पुष्कळांनी मानले. मतभेद अजून आहेत. विहिरीत पोटॅशियम परमँगनेट, म्हणजे आपले 'लाल औषध', पाणी गुलाबी होईपर्यंत टाकावे, हा उपाय हिंदुस्थानात रूढ करण्यात याच हँकिनचा मोठा वाटा होता. आपल्या आजी-आजोबांच्या आठवणीतील गुलाबी विहिरी त्या ह्याच. पुढे क्लेमेशा याने १९१२ साली उष्ण प्रदेशातील उघड्या पाण्याच्या जंतुशास्त्रावर ग्रंथ लिहून बजाविले की विलायतेतील मापे येथे जशीच्या तशी लावू नयेत. येथल्या तलावांवर प्रखर ऊन पडते, पाणी महिनोन्महिने साठून राहते, आणि आतड्यातील निरनिराळ्या जंतूंपैकी कोणी लवकर मरतो तर कोणी टिकतो. साक्षीदार तोच, पण त्याची भाषा मुलखागणिक बदलते.

जंतूंची साक्ष केवळ पिण्याच्या पाण्यापुरती नाही. बर्लिनच्या कोल्कविट्झ व मार्सन यांनी १९०२ पासून नद्यांचा अभ्यास केला आणि १९०८ व १९०९ साली एक पद्धती मांडली. नाला नदीला मिळतो त्या जागेपासून खाली चालत जावे. आरंभी केवळ कुजण्यावर जगणारे जंतू, पुढे त्यांना खाणारे जीव, आणखी पुढे शेवाळ, कीटक, मासे, असा क्रम दिसतो. तो वाचता आला की नदी कोठे आजारी पडली आणि कोठे बरी झाली हे नकाशावर दाखविता येते. साखर कारखाना, दूधडेअरी किंवा कागदाची गिरणी यांचे सांडपाणी जेथे प्रवाहात पडते तेथे दगडांना मळक्या कापसासारखे करडे झुपके चिकटलेले दिसतात. लोक त्याला शेवाळ समजतात. वास्तविक त्यात मुख्यतः स्फेरोटिलस नावाचे धागेदार जंतू असतात. शेवाळ उन्हावर वाढते, हे घाणीवर.

मुंबईकरांना याचे उदाहरण नाकानेच ठाऊक आहे. माहीमची खाडी ओलांडताना लोकलमधील प्रवाशांचा हात आपोआप रुमालाकडे जातो. खाडीत मैला पडतो, तो खाणारे जंतू पाण्यातील सारा प्राणवायू संपवितात. मग पाळी येते प्राणवायूवाचून जगणाऱ्या जंतूंची. असले जंतू बाइयेरिंक याने १८९५ साली ओळखले. ते समुद्राच्या पाण्यातील सल्फेटमधून आपला प्राणवायू काढून घेतात आणि उरलेल्या गंधकाचा कुजक्या अंड्यांच्या वासाचा वायू सोडतात. चिखलातील लोखंडाशी त्याचा संयोग झाला की चिखल काळाभोर होतो. म्हणजे तो वास आणि तो काळा रंग हा खाडीने दिलेला जबाबच आहे.

या काळ्या रंगाचा उपयोग ग्वाल्हेरच्या संरक्षण प्रयोगशाळेतील मंजा व त्यांचे सहकारी यांनी १९८२ साली मोठ्या चतुराईने केला. एका छोट्या बाटलीत पोषक द्रव्य, लोखंडाचा क्षार व गंधकाचा क्षार शोषलेली कागदाची पट्टी ठेवून बाटली निर्जंतुक करावयाची. गावात जाऊन तीत खुणेपर्यंत पाणी भरावयाचे आणि एक रात्र उबेला ठेवावयाची. विष्ठेबरोबर येणारे काही जंतू गंधकाचा तोच वायू तयार करतात आणि बाटली काळी पडते. ना सूक्ष्मदर्शक, ना वीज, ना तज्ज्ञ. आपल्याकडचे हवामानच उबेचे काम करते! ही पद्धत जागतिक आरोग्य संघटनेच्या पत्रिकेत प्रसिद्ध झाली आणि अनेक देशांनी उचलली. कोकणात तर अशी बाटली शाळेशाळेत असावी असे मला वाटते. आमचा जांभा दगड सच्छिद्र. अंगणात एका बाजूला विहीर आणि दुसऱ्या बाजूला संडासाचा शोषखड्डा, मध्ये जेमतेम काही हातांचे अंतर. पहिला पाऊस झाला की खालून काय झिरपते हे वरून दिसत नाही, आणि विहिरीचा तळ मात्र स्वच्छ दिसत असतो. ग्रामपंचायतीचा जलसुरक्षक टीसीएल पावडर टाकावयास आला की "पाण्याला वास येतो" म्हणून कुरकुरणाऱ्या पालकांनी ही गोष्ट ध्यानात घ्यावी.

आता साक्षीदाराची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९५५ च्या नोव्हेंबरात यमुनेच्या प्रवाहाने जागा बदलली आणि नजफगढ नाल्याचे सांडपाणी दिल्लीच्या वझिराबाद जलकेंद्रापर्यंत येऊन पोहोचले. अधिकाऱ्यांनी क्लोरीन वाढविला. जंतू मेले; विषमज्वर किंवा हगवण वाढली नाही. सारे ठीक वाटत असता डिसेंबर-जानेवारीत शहर पिवळे पडू लागले. सुमारे २९,३०० लोकांना उघड कावीळ झाली आणि गरोदर स्त्रियांना तिने विशेष ग्रासले. काविळीचा विषाणू क्लोरीनला जंतूंपेक्षा अधिक चिवटपणे तोंड देतो. साक्षीदार आधी मेला होता आणि गुन्हेगार जिवंत होता. त्या साथीतील जपून ठेवलेले रक्ताचे नमुने १९८० साली पुन्हा तपासले तेव्हा कळले की हा काविळीचा तोवर ओळखलेल्या प्रकारांहून निराळा प्रकार आहे. त्यालाच आता हेपॅटायटिस ई म्हणतात. २०१२ च्या उन्हाळ्यात इचलकरंजीत काविळीची जी साथ आली ती याच विषाणूची. म्हणून भारतीय मानकाप्रमाणे पिण्याच्या १०० मिलिलिटर पाण्यात एकही ई. कोलाय असता कामा नये एवढ्यावर थांबून चालत नाही. पाणी कोठून आले आणि वाटेत त्याला काय भेटले, हेही पाहावे लागते.

कॉलऱ्याच्या जंतूबद्दलची समजूतही पुढे बदलली. तो माणसाच्या पोटातून पाण्यात येतो आणि लवकर मरतो असे कोखच्या काळापासून मानीत. अमेरिकन शास्त्रज्ञ रिटा कोलवेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८० नंतर दाखविले की खाड्यांच्या मचूळ पाण्यात तो मुळचाच रहिवासी आहे. डोळ्यांना जेमतेम दिसणाऱ्या कवचधारी प्राण्यांना तो चिकटून राहतो, आणि प्रतिकूल दिवसांत तर प्रयोगशाळेत न वाढणाऱ्या सुप्त अवस्थेत जातो. पाणी तापले, ते बारीक प्राणी वाढले की तोही वाढतो. बांगला देशातील मतलब भागात जुनी सुती साडी अनेक पदरी दुमडून तिच्यातून पाणी गाळण्यास बायकांना शिकविले. ६५ गावांच्या त्या प्रयोगाचा निष्कर्ष २००३ साली प्रसिद्ध झाला. कॉलऱ्याचे प्रमाण ४८ टक्क्यांनी उतरले. आपल्या आज्या फडक्याने पाणी गाळीत, त्यात किती तथ्य होते ते आता समजते. उलट, उत्तरेकडील थंड बाल्टिक समुद्रातही उष्ण उन्हाळ्यांत याच कुळातील जंतूंमुळे आजारी पडणारे रुग्ण वाढल्याचे दिसून आले आहे. समुद्र तापत असल्याची वर्दी आता जंतूही देऊ लागले आहेत.

अगदी अलीकडची एक गोष्ट दिल्लीचीच आहे. कित्येक प्रभावी प्रतिजैविकांना निष्प्रभ करणाऱ्या एका जनुकाला परदेशी शास्त्रज्ञांनी नवी दिल्लीचे नाव दिले आणि त्या नावावरून आपल्याकडे मोठा गदारोळ झाला. त्या मानाने २०११ साली प्रसिद्ध झालेल्या पाण्याच्या तपासणीची चर्चा कमी झाली. दिल्लीच्या रस्त्यांवर साचलेल्या व झिरपणाऱ्या पाण्याचे १७१ आणि नळाच्या पाण्याचे ५० नमुने घेतले होते. पहिल्यांपैकी ५१ मध्ये आणि नळाच्या दोन नमुन्यांत हे जनुक सापडले. जंतू असली जनुके एकमेकांना देऊ-घेऊ शकतात, मग ते एका जातीचे नसले तरी चालते. त्या नमुन्यांतून वाढविलेल्या जंतूंपैकी ज्यांच्या अंगी हे जनुक आढळले, त्यांत हगवणीचा जंतू होता आणि कॉलऱ्याचाही होता.